राजे जेवले ओसरीवर

"घर तुझं नाही म्हणतेस? मग कुणाचं, माझं?" मानाजीराजे मुदपाकखान्याच्या दारातूनच गरजले, आणि हौसाची तव्यावरची पोळी करपली.

झालं होतं असं, की पाच वर्षांपूर्वी राजांच्या मनाने घेतलं, पदरच्या नोकरांना स्वतःची कौलारू घरं हवीत! नारोशेट सावकार लगेच हात जोडून पुढे आला. "पैसे मी देतो महाराज. वीस वर्षांत फेडायचे. हप्ता कसला, चिमूटभर! पानसुपारीत जाईल तेवढाच!" राजे खूश. पहिलं घर मिळालं स्वयंपाकीण हौसाला आणि तिच्या नवऱ्याला, पागेवरच्या येमाजीला. आता येत्या दसऱ्याला बाकीचे नोकर कर्जाच्या कागदावर अंगठे उठवणार, तर ही बाई पोळ्या लाटता लाटता सगळ्यांना सांगत सुटलेली, "कसलं माझं घर! शेटजींच्या घरात राहतोय आम्ही."

"खरं तेच बोलले, महाराज," हौसा पदर सावरत म्हणाली.

राजांचा हट्ट पेटला. "असं काय? मग उद्या दुपारी मी आणि नारोशेट तुझ्याकडे जेवायला येतो. तुझ्या मालकीच्या जागेत बसणार, तिच्याबाहेर बोटभर सरकणार नाही! आमची दोन पानं तिथे मावली, तर तू खोटारडी. नोकरीही गेली आणि घरही गेलं! नाही मावली, तर उरलेलं घर मी तुझ्या पदरात टाकीन."

घरी येमाजीने कपाळावर हात मारला. "अगं, जीभ आहे की कातर? ओसरी, माजघर, स्वयंपाकघर, एवढं ऐसपैस घर! त्यात दोन पानं मावणार नाहीत?"

"तुम्ही एक करा. शेटजींकडे जा आणि विचारून या, आपलं मुद्दल आजवर किती फिटलं."

येमाजी गेला आणि तोंड एवढंसं करून परत आला. त्याचं ऐकून हौसा मात्र गालात हसली आणि रांगोळीचा डबा शोधायला लागली.

दुसऱ्या दिवशी राजांची पालखी दारात उतरली. घरातून सांज्याच्या पोळ्यांचा असा वास सुटला होता, की पालखीचे भोईसुद्धा माना उंचावून बघत होते! राजांनी ओसरीवर पाऊल टाकलं, तोच हौसा ओरडली, "थांबा महाराज! रेघ ओलांडाल!"

राजांनी खाली पाहिलं. ओसरीच्या कडेला रांगोळीने आखलेला एक चौकोन. त्यात एक पाट आणि एक केळीचं पान, बस्स!

"हे काय?"

"हे माझं घर. बाकी सगळं शेटजींचं."

"मला खुळा समजलीस? विसातली पाच वर्षं भरलीत ना? म्हणजे चतकोर घर तुझं! लहान पोरालाही कळेल हे."

"मलाही असंच वाटलं होतं. आता शेटजींनाच विचारा."

नारोशेट पगडी चाचपायला लागला. "त्याचं काय आहे महाराज... हप्ता आला की आधी व्याज वळतं करायचं. मग काही उरलंच, तर ते मुद्दलात. सुरुवातीला उरतं जरा कमी."

"किती कमी?"

"ओसरीच्या या कोपऱ्याएवढं," शेट पुटपुटला.

राजांनी त्या इवल्याशा चौकोनाकडे पाहिलं. पण शब्द दिलेला! अंगाने भरलेले मानाजीराजे कसेबसे त्या पाटावर टेकले. एक गुडघा अंगणात, डोक्यावर ऊन. नारोशेटला तर बसायला जागाच नाही, तो उंबऱ्याशी उभा.

"वाढ आता!" राजे घाम पुसत म्हणाले.

"कशी वाढू? स्वयंपाकघर शेटजींचं, चूल शेटजींच्या जमिनीवर."

"दिली, दिली परवानगी!" नारोशेट घाईघाईने म्हणाला.

हौसाने परात बाहेर आणली आणि राजांना विचारलं, "महाराज, घर सगळं माझं होईतो किती पैसे जातील, दाखवू?" तिने राजांच्या पानात एक पोळी वाढली. "हे माझं घर. शेटजींनी दिलं ते एवढं." मग तिने शेटच्या हातात एक पोळी ठेवली. "हे मुद्दल परत." वर दुसरी ठेवली. "हे व्याज." त्यावर अर्धी. "हेही व्याज." आणि वर आणखी एक तुकडा. "हे उरलंसुरलं व्याज."

राजांनी आपल्या पानातल्या एका पोळीकडे पाहिलं, शेटच्या हातातल्या चळतीकडे पाहिलं. "अरे नारोशेट, हिने एक घर बांधलं आणि तुला अडीच घरांहून जास्त द्यायची? आणि मी दसऱ्याला सगळ्यांना तुझ्या दारात उभं करणार होतो!"

"पण महाराज, हप्ता चिमूटभरच..."

"गप! दसऱ्याला नोकरांना घरासाठी पैसे माझ्या खजिन्यातून मिळतील, आणि व्याज एक छदामही नाही. हौसा, पैज तू जिंकलीस. तुझं उरलेलं कर्ज मी फेडतो."

नारोशेट पुन्हा वाकला. शेटच तो! "एवढी घाई कशाला महाराज? आपणही सवडीने द्या की, हप्त्याहप्त्याने!"

"द्या की महाराज," हौसा म्हणाली. "मी आपली 'आत या' म्हणायला पंधरा वर्षं दारात उभी राहते. पोळ्या तेवढ्या गार होतील!"

मानाजीराजे असे हसले, असे हसले, की पाट कलंडला आणि ते थेट अंगणात बसले! बसल्या बसल्याच त्यांनी मनगटातलं सोन्याचं कडं उपसलं आणि नारोशेटच्या पोळ्यांच्या चळतीवर टाकलं. "घे! सगळं फिटलं. येमाजी, हात दे रे, उठव मला. हौसाबाई, आता तरी आत येऊ का?"

हौसाने पायानेच रांगोळीची रेघ पुसली. "या महाराज. शेटजी, तुम्हीही या. आज पाहुणे म्हणून!"