रिमोटला दोष द्यायचा नाही

“हात गेला, हे माणसाला कधी कळतं, आक्का?”

शेवंताक्का सोप्यात बसून वाकळ शिवत होती. जुन्या लुगड्यांचे तुकडे मांडीवर पसरलेले. तिने मान वर केली नाही.

“कुणाचा गेला?”

“माझा.”

“दिसत्यात की दोन्ही जागंवर.”

विचारणारा होता डॉक्टर पद्मनाभ मगदूम. सांगलीत मोतीबिंदूची ऑपरेशनं करायचा. त्याचा हात इतका हलका, की टेबलावरचा म्हातारा उठताना विचारायचा, सुरुवात कधी करणार? ही गोष्ट सांगलीत सगळे सांगत. पद्मनाभ स्वतः जरा जास्तच वेळा सांगे.

आणि शेवंताक्का तांबट म्हणजे तासगावच्या एसटी स्टँडमागच्या व्हिडिओ गेम पार्लरची मालकीण. पार्लर एकवीस वर्षं चाललं, मग बंद झालं. पण बिघडलेली मशिनं घेऊन लोक अजून जतहून, मिरजेहून तिच्या दारात येतात. पद्मनाभ स्वतःला तिचा शिष्य म्हणवतो. तिला विचाराल तर ती म्हणेल, “कसला शिष्य? रोज येऊन बसायचा, हाकलला तरी जायचा न्हाई.”

तिच्या पार्लरचे नियम दोनच होते.

हात धुऊन बसायचं.

आणि हरलात तर रिमोटला दोष द्यायचा नाही. “हात माझाच चुकला,” असं सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्या आवाजात म्हणायचं, उठायचं आणि पुढच्या नंबराला जागा द्यायची. जो म्हणणार नाही, त्याला आठ दिवस उंबरा बंद.

पद्मनाभ एकदाही बाहेर राहिला नव्हता.

“पंधरा दिवस झाले, ऑपरेशनला हात लावलेला नाही,” तो म्हणाला. “नऊ पेशंट थांबलेत. आज देतो, उद्या देतो, असं करत तारखा पुढं ढकलतोय. सोमवारी हॉस्पिटलला लिहून देणार आहे… यापुढे नाही म्हणून.”

“डॉक्टरला दावलास?”

“दाखवला. तो म्हणतो, काही झालेलं नाही.”

“मग?”

“त्याला काय कळतंय?”

आक्काने दोऱ्याचं टोक दातांनी तोडलं. सुई आणि दोरा त्याच्यापुढे धरला.

“ह्ये ओवून दे. मला दिसंना झालंय.”

त्याने बोलता बोलता दोरा ओवला. सुईकडे धड बघितलंही नाही. आक्काने मात्र बघितलं.

“आता सांग. कशावरनं म्हनतोस हात गेला?”

“तुम्ही दिलेल्या गेमवरून.”

पार्लर बंद केलं त्या दिवशी आक्काने त्याला एक डिस्क दिली होती. अकरा वर्षं झाली त्याला. गेम साधा होता. एक घोडेस्वार टपाल घेऊन निघतो, वाटेत चौदा मोडके पूल. फळी पायाखालून निसटायच्या नेमक्या क्षणी बटण दाबलं तर घोडा उडी मारतो. जरा उशीर झाला की घोडा, स्वार आणि टपाल, सगळं नदीत.

दर महिन्याच्या पहिल्या रविवारी पद्मनाभ हा गेम खेळायचा. चौदाही पूल न पडता पार झाले, की महिनाभराची ऑपरेशनं करायला मोकळा. हे त्याने बायकोलाही सांगितलं नव्हतं. एवढा शिकलेला माणूस असली परीक्षा घेतो म्हटल्यावर ती हसली असती, आणि तिचं चुकलंही नसतं.

“अकरा वर्षांत कधी पडलो नाही,” तो म्हणाला. “मागचे दोन महिने कसाबसा पार झालो. आता बाराव्या पुलावर पडतो. दर वेळी. मी बटण वेळेवर दाबतो आक्का, निदान मला तरी तसं वाटतं… आणि घोडा उशिरा उठतो.”

“मशीन त्येच?”

“नाही. ते गेल्या पावसाळ्यात जळलं. नवं घेतलं. सगळ्यात भारी.” आवाजात थोडा ताठा आलाच. “मशीनची चूक नाही. मी काही बाकी ठेवलेलं नाही. टीव्हीला गेम मोडवर टाकलं. गेम बाहेरून जोडलेल्या हार्ड डिस्कवर होता, तो मशीनच्या आत घेतला. हवा खेळावी म्हणून मशीन कपाटातून बाहेर काढलं. जे जे अपडेट आलं ते त्याच दिवशी घातलं. एकही मागे नाही.”

“सुई कुणी ओवली?”

“सुई एका जागी असते. घोडा धावता असतो.”

आक्काने सुई हातात घेतली. चार टाके घातले.

“आनलायस मशीन?”

आणलं होतं. पिशवीतून काढून त्याने ते आतल्या खोलीत टीव्हीला जोडलं. आक्काकडे नेट नव्हतं, म्हणून स्वतःच्या मोबाईलवरून त्याला नेट दिलं. बसण्याआधी मोरीत जाऊन हात धुतले. हे त्याला कुणी सांगितलं नाही.

पहिले अकरा पूल कसेबसे गेले. बाराव्यावर त्याने बटण दाबलं. घोडा नदीत.

“हात माझाच चुकला,” तो म्हणाला. आवाज बारीक होता. रिमोट खाली ठेवून तो उठायला लागला.

“बस.”

तो बसला.

“त्या जळक्या मशीनला नेट हुतं?”

“नाही. तेव्हा क्वार्टरमध्ये नेट नव्हतं. मग पुढे कधी जोडायचं सुचलंच नाही.”

“म्हंजे डिस्क मी दिली तशीच अकरा वरसं चालली.”

“हो.”

“आनि ह्या नव्याला नेट.”

“पहिल्या दिवसापासून. सगळं अद्ययावत आहे, म्हटलं ना.”

आक्काने हात पुढे केला. “मोबाईल दे.”

त्याला वाटलं तिला फोन लावायचा असेल. तिने मोबाईल बंद केला, स्वयंपाकघरात गेली, ज्वारीच्या डब्यात टाकला आणि वरून झाकण लावलं.

“आता गेम पुसून टाक.”

“काय?”

“मशीनमदला गेम पूस. मग डिस्क घाल आनि डिस्कवर हाय तेवढाच घे. नेट न्हाई, म्हंजे त्येला वरचं काय गावायचं न्हाई.”

“पण आक्का, मग सगळे अपडेट जातील! जुना, कच्चा गेम राहील.”

“ऱ्हाऊ दे.”

“माझ्या आजवरच्या खेळाच्या नोंदी?”

“नव्या गेमच्या नोंदी जुन्याला वाचता येत न्हाईत. पयल्या पुलापासनं सुरू करायचं.”

पद्मनाभचं बोट बटणावर अडलं. बाकीच्यांना ज्याने हे सगळं शिकवलं असतं, त्याला सांगत होती कोण, तर सत्तरीची बाई, चष्म्याच्या दांडीला दोरा बांधलेली. मान वळवून त्याने एकदा तिच्याकडे बघितलं. ती वाकळीची घडी घालत होती.

त्याने गेम पुसला.

डिस्क आत गेली. पडद्यावर एक निळी रेघ हळूहळू भरायला लागली. वेळ होता. आक्काने चहा टाकला.

“ह्यो गेम नवा आला तवाची मशिनं दमायची,” ती चहा ओतताना म्हणाली. “मधीच पळायची, मधीच अडायची. लोकांनी आरडाओरडा केला. मग गेम करनाऱ्यांनी नेटवरनं अपडेट धाडलं. एका सेकंदात तीसच चित्रं दावायची, त्याच्या वर जायचं न्हाई. दमनाऱ्याला बरं पडलं. सगळं एका चालीनं चालाया लागलं.”

“मग चांगलंच केलं की.”

“चांगलंच केलं. त्या मशीनसाठी.” तिने कप त्याच्यापुढे सरकवला. “तुजं ह्ये नवं साठ दावतंय, हसत हसत. पर गेमला कोन सांगनार, की बाबा मशीन बदललं? त्यो आपला तीसाला बांधलेला. बटन दाबलं की पुढच्या चित्राची वाट बघत बसतोय.”

पद्मनाभने कप उचलला आणि तसाच खाली ठेवला.

“म्हणजे घोडा खरंच उशिरा उठत होता?”

“मला काय ठावं? मी काय घोड्यावर बसल्ते?”

निळी रेघ निम्मी झाली होती.

“तीन महिने,” तो म्हणाला. “तीन महिने मी हाताकडे बघतोय आक्का. जेवताना बघतो. झोपेतून उठलो की पहिला हात बघतो, थरथरतोय का. मशीनची चूक असेल, हे एकदाही मनात आलं नाही.”

“कसं यील? तुला मीच शिकवलं, रिमोटला दोष द्यायचा न्हाई.”

“तेच तर धरून चाललो. त्या नियमानं मला घडवलं. कॉलेजात, थिएटरमध्ये… काहीही चुकलं की पहिलं म्हणायचो, हात माझाच चुकला.”

आक्काने चहाचा घोट घेतला. मग जरा खजील होऊन हसली.

“पद्म्या… त्या पार्लरमदल्या निम्म्या रिमोटांची बटनं मेलेली हुती रं.”

“काय?”

“तुमी दाबून दाबून मारलेली. नवं रिमोट मिरजंशिवाय मिळायचं न्हाई, आनि पार्लर टाकून मी कवा जानार मिरजंला? रोजची भांडनं. ह्यो म्हनतोय रिमोट खराब, त्यो म्हनतोय रिमोट खराब. कान किटलं माजं. म्हनून नेम केला.”

पद्मनाभ तिच्याकडे बघतच राहिला.

“म्हणजे मी तेव्हा जे जे हरलो…”

“निम्मं तू हरलास, निम्मं रिमोट हरलं.”

“कुठलं निम्मं?”

“त्ये मलाबी ठावं न्हाई.”

पंचवीस-तीस वर्षं ज्या वाक्यावर माणूस उभा राहिला, ते वाक्य मिरजेची एसटी चुकवण्यासाठी केलेलं निघालं. दुसरा कुणी असता तर रागावला असता. पद्मनाभही रागावणार होता, तोंडही उघडलं होतं. पण त्याला हसू फुटलं, आणि ते आवरेना. आक्काही हसायला लागली. चहा सांडला.

रेघ भरली.

त्याने पुन्हा हात धुतले. रिमोट घेतला.

पहिल्या पुलावरच तो दचकला. चित्र अडखळत नव्हतं. पाण्यावरची लाट सलग येत होती. घोड्याची आयाळ उडताना दिसत होती, ती तर त्याने अकरा वर्षांत अशी कधी पाहिली नव्हती. जुनाच गेम. जुनीच डिस्क, तिच्यावर आक्काने पेन्सिलीने घातलेली तारीख होती. पण बोट दाबलं की त्याच क्षणी घोडा हवेत.

पाचवा पूल. आठवा. अकरावा.

मग बारावा समोर आला. नऊ पेशंटांची नावं त्याला पाठ होती, ती सगळी एकदम आठवली.

फळी निसटली. त्याने बटण दाबलं.

घोडा पलीकडे होता.

तेरावा गेला. चौदावाही गेला. स्वाराने टपाल पोचवलं आणि पडद्यावर फुलं पडायला लागली.

पद्मनाभने रिमोट मांडीवर ठेवला. दोन्ही तळवे उघडून समोर धरले आणि त्यांच्याकडे बघत बसला. डोळे भरून आले होते, ते त्याने पुसले नाहीत. छातीवर तीन महिने बसलेलं कुणीतरी उठून गेलं होतं. इतकं बरं त्याला पहिलं ऑपरेशन नीट झालं तेव्हाही वाटलं नव्हतं.

“गेला नाही, आक्का,” तो म्हणाला. “हात गेला नाही.”

“मी कुटं म्हनलं गेला म्हनून?”

“सोमवारी लिहून देणार होतो मी…”

आक्काने स्वयंपाकघरात जाऊन ज्वारीच्या डब्यातून मोबाईल काढला. पदराने पुसला आणि त्याच्यासमोर ठेवला. त्याने तो उचललाही नाही. त्याला अजून खेळायचं होतं. भरल्या डोळ्यांनीच त्याने पुन्हा सुरुवात केली. आता तर तो रुबाबात होता. पहिल्या पुलावर एका हाताने खेळला. दुसऱ्यावर मान वळवून आक्काकडे बघत उडी मारली.

“बघितलंत?”

तिसऱ्या पुलावर घोडा धपकन नदीत पडला.

पडद्यावर नुसतं पाणी.

पद्मनाभने रिमोटकडे बघितलं. बटण दाबून पाहिलं. बटण ठणठणीत होतं. मशीनकडे बघितलं. मशीनही ठणठणीत होतं.

मग आक्काकडे बघितलं. ती वाट बघत होती.

“हात माझाच चुकला,” तो म्हणाला. मोठ्याने, रस्त्यापर्यंत ऐकू जाईल असं. आणि हसला.

आक्काने त्याच्या हातातला रिमोट काढून घेतला.

“मग ऊठ. नऊ मानसं नंबर लावून बसल्यात.”