संध्याकाळचं रडू

खूप खूप जुनी गोष्ट आहे. तेव्हा डोंगरातल्या लोकांनी समुद्र पाहिला नव्हता, आणि कोणी पाहिला म्हणून सांगितलं तर ते खरं मानत नसत.

अशाच एका डोंगरगावात कोळ्याची मुलगी सून म्हणून आली. मोठी गुणी पोर. दिवसभर हसतखेळत कामं उरकायची, पण दिवेलागणीला दारात उभी राहून ढसाढसा रडायची. मांडीवर बाळ आलं, तरी रडू थांबेना.

घाबरून सासूने वैद्यबुवांना बोलावलं. बुवा मनाने फार भले, फक्त त्यांचा पोथीवर जरा जास्तच जीव. पोथीत एकशे चाळीस रोग होते. त्यांनी सुनेची नाडी पाहिली, जीभ पाहिली, पानं चाळली, शेवटच्या पानावर एक नवा रोग लिहिला आणि ते आनंदाने म्हणाले, "हा एकशे एक्केचाळिसावा! याचं नाव सायंरोदन. संध्याकाळी बाळ तिच्याजवळ देऊ नका."

झालं! गावात सुनेपेक्षा तिच्या रोगाचीच ओळख जास्त झाली. ती रडली की लोक म्हणत, "रोग जोरात आहे." नाही रडली की म्हणत, "रोग दबा धरून बसलाय." एकदा बिचारी खळखळून हसली, तर शेजारीण धावत वैद्यबुवांकडे गेली आणि काढा दुप्पट झाला. रोज दिवे लागले की बाळ सासूच्या खोलीत जाई. मग बंद दाराच्या अलीकडे बाळ रडे आणि पलीकडे आई.

आठव्या दिवशी सासूला ते ऐकवेना. तिने दार उघडलं, बाळ सुनेच्या कुशीत दिलं आणि शेजारी बसली. "पोरी, एवढी रडतेस आणि मी मेलीने एकदाही विचारलं नाही. कुणासाठी गं रडतेस?"

"बाबांसाठी, सासूबाई," सून म्हणाली. "आमच्याकडे संध्याकाळी घरचं माणूस किनाऱ्यावर उभं राहून होडीला हाक देतं. बाबांना माझ्याशिवाय कोणी नाही. आता त्यांना कोण हाक देत असेल?"

सासूने सकाळीच गाडी जुंपायला लावली. रोग वाटेत बळावला तर काय, म्हणून वैद्यबुवाही पोथी घेऊन गाडीत चढले.

तिसऱ्या दिवशी, सूर्य बुडताना, गाडी किनाऱ्याला लागली. तिथे एक म्हातारा समुद्राकडे पाठ करून उभा होता. डोंगरांच्या दिशेने तो "ये गं पोरी, येऽऽ" अशी हाक देत होता आणि डोळे पुसत होता.

वैद्यबुवांनी घाईघाईने पोथी उघडली. "म्हणजे रोग वंशातला आहे तर!"

सासूने पानावर हात ठेवला. "बुवा, लिहायचंच तर असं लिहा. बाप एकटा, लेक लांब. औषध, बैलगाडी."

तोवर लेक बापाच्या गळ्यात पडली होती आणि नातू आजोबांची दाढी ओढत होता. ते पाहून वैद्यबुवांचेच डोळे भरून आले. संध्याकाळच होती ती! त्यांनी एकशे एक्केचाळिसावा रोग गुपचूप खोडून टाकला.

पुढे दर पौर्णिमेला गाडी किनाऱ्याला जाऊ लागली. मधल्या दिवसांत सून कधी रडलीच, तर सासू बाळाला घेऊन तिच्याजवळ बसे. बुवांनी पोथी मात्र टाकली नाही. खरोखरीच्या आजाऱ्यांना ती लागतच होती. पण ती उघडण्याआधी ते आता समोरच्याला सगळं बोलू देत, आणि त्यात पुष्कळदा पोथी उघडायचीच राहून जाई.

तात्पर्य: माणसाच्या रडण्याला रोगाचं नाव देण्याआधी, तो कुणासाठी रडतो हे त्यालाच विचारावं.