तिसऱ्या पायरीवरचं शेवाळ

एका राज्यात राजवाडा लहान होता आणि तळं मोठं होतं. तळ्याचं नाव हिरवण. त्याचं पाणी राजा पीत असे, परीट पीत असे आणि हत्तीही पीत असे. पाण्यात केसांसारखं लांब आणि रेशमासारखं मऊ शेवाळ डुलत असे. त्या शेवाळाची राखण निळाई नावाची म्हातारी करी. ती तळेराखीण होती आणि जादूगारीणही होती; दोन्ही कामांना मिळून तिथे एकच माणूस पुरे.

राजा भद्रसेन. राणी हेमलेखा. त्यांना पाच महिन्यांचा पुत्र होता, त्याला सगळे बाळराजे म्हणत. राणी चार लिप्या जाणत होती, ग्रहणं मोजत होती. पण बाळ का रडतं, हे तिच्या एकाही पोथीत लिहिलेलं नव्हतं. लिहिणारे सगळे पुरुष असावेत, असं तिला वाटे. मग वाटे, की लिहिलेलं असेलही, आपणच ते पान उलटून पुढे गेलो असू.

एके दुपारी बाळाला घेऊन राणी तळ्याच्या तिसऱ्या पायरीवर बसली. दाईला तिनेच परत पाठवलं होतं. तीन दिवस, तीन रात्री बाळराजे झोपले नव्हते. पाण्याचा गार वारा लागला, तसे ते झोपले. आणि राणीही झोपली.

पापणी लवावी एवढीच झोप. तेवढ्यात हात सैल झाला आणि बाळ पाण्यात निसटलं.

पण बाळ बुडालं नाही. खालून शेवाळाचे धागे वर आले, एकमेकांत गुंतले, झोळी झाली. झोळीत बाळराजे पाठीवर पडून टाहो फोडत होते. राणीने त्यांना उचललं, छातीशी धरलं, तोवर माणसं धावत आली. राजाही आला.

"काय झालं, राणी?"

राणीने भिजलेल्या बाळाकडे पाहिलं. मग जमलेल्या बायकांकडे पाहिलं.

"शेवाळावरून पाय घसरला, महाराज."

निळाई गर्दीतून पुढे आली. "राणीसाहेब, पायऱ्या मी सकाळीच काथ्याने घासल्या होत्या."

राणीने मान खाली घातली. एक शब्द बोलली असती तरी पुरलं असतं. ती बोलली नाही.

राजाने आज्ञा केली, "शेवाळाचे तुकडे तुकडे करा. आणि या म्हातारीला वेशीबाहेर घाला."

निळाईने हातातला काथ्या पायरीवर ठेवला. "ज्याने झेललं त्याच्यावर आळ आला," ती म्हणाली. "आता ज्याला झेललं त्याचा आवाज झेलणाऱ्यापाशीच राहील." आणि ती निघून गेली.

दुसऱ्या सकाळी बाळराजांनी रडायला तोंड उघडलं. गाल लाल झाले, मुठी वळल्या, डोळ्यांतून धारा लागल्या. पण आवाज नाही. वैद्य आले, मांत्रिक आले, गेले. राणीला पाठ फिरवायची चोरी झाली, कारण न पाहता आता काहीच कळत नव्हतं. तिने बाळाच्या पायांत घुंगरू बांधले. पाय झाडले की ते वाजत. "माझ्यासारख्या आईला एवढी तरी सोय हवी," ती मनाशी म्हणाली, आणि तिला हसूही आलं नाही.

तिकडे शंभर शिपाई विळे घेऊन पाण्यात उतरले. एका धाग्याचे सात तुकडे झाले. संध्याकाळपर्यंत सात तुकडे वाढून सात धागे झाले. त्यांचे पुन्हा तुकडे झाले. आठ दिवसांत हिरवणीवर हिरवी गोधडी पसरली आणि घागर बुडवायला जागा उरली नाही.

नवव्या दिवशी राणी बाळाला पाठीशी बांधून निळाईला शोधायला वेशीबाहेर निघाली. तळ्याच्या काठाशी शेवाळातून वाट काढत टिबुकली पोहत होती. लहानसा पक्षी, पण जीभ लांब.

"कुठे निघाल्या राणीसाहेब? पाय जपून हो. इथेही शेवाळ आहे."

राणी थबकली. "तू पाहिलंस?"

"बुडी मारण्याआधी पाहिलं. वर आले तेव्हा गोष्ट बदललेली होती."

"कुणाला सांगितलंस?"

"मी पाखरू. माझं कोण ऐकतं? ऐकतात ते तुमचं." टिबुकलीने मान वळवली. "चला, निळाई दाखवते. तुमच्यासाठी नाही, त्या घुंगरांसाठी."

निळाई तळ्याच्या दुसऱ्या टोकाला, लव्हाळ्यांत झोपडी बांधून राहिली होती. राणी तिच्या पायांशी बसली.

"आवाज परत दे, निळाई."

"तो माझ्यापाशी नाही, तळ्यापाशी आहे. तळ्याला तीन गोष्टी आणून द्याव्या लागतील. जे तोडून मरत नाही, ते. जे रिकामं होऊन भरतं, ते. जे सुकून मरत नाही, ते." तिने कमळाच्या पानावरचा एक दवबिंदू उचलून राणीच्या नखावर ठेवला. "यातून पाहा. पोथीत नाही मिळायचं."

पहिली गोष्ट शोधायला राणी पाण्यात उतरली. शिपायांनी कापलेला एक तुकडा तिने दवबिंदूतून पाहिला. धागा कसला, ती खोल्यांची ओळ होती. खोलीला लागून खोली, आणि प्रत्येक खोलीत हिरव्या फितीचा वळसा. तिने नखाने धागा तोडला. पाहता पाहता दोन्ही तुकड्यांतल्या खोल्या दुभंगल्या. एकीच्या दोन झाल्या, दोहोंच्या चार. ना बी, ना फूल. तुटणं हीच त्यांची वाढ.

राणीचे कान तापले. तिने राजाला एकदाच सांगितलं होतं, पाय घसरला म्हणून. राजाने ते दाईला सांगितलं, दाईने मुदपाकात, मुदपाकातून ते बाजारात गेलं. बाजारात तर आता म्हातारीने पायरीवर तेल ओतलं होतं. राणीने तो तुकडा ओंजळीत घेतला.

"पहिलं मिळालं," टिबुकली म्हणाली. "घरीही पुष्कळ होतं."

दुसरी गोष्ट लव्हाळ्यांच्या सावलीत सापडली. तिथे दोन धागे शेजारी शेजारी निजले होते. राणीने दवबिंदू धरला. या धाग्यातल्या खोलीने हात पुढे केला, त्या धाग्यातल्या खोलीनेही केला. हाताला हात जुळला, मधला पडदा विरघळला. खोल्याखोल्यांतून असं झालं आणि दोन धाग्यांची शिडी झाली. मग एका धाग्यातलं सारं हिरवं गोळा झालं आणि पायऱ्या ओलांडून दुसऱ्यात गेलं. एक धागा काचेसारखा रिकामा राहिला. दुसऱ्यातल्या प्रत्येक खोलीत दोघांचं मिळून एकेक दाणेदार बीज झालं.

राणी त्या रिकाम्या धाग्याकडे पाहत राहिली. बाळ झाल्यापासून कितीदा ती उशीत तोंड खुपसून म्हणाली होती, मी रिकामी झाले, माझं काही उरलं नाही. आणि लगेच स्वतःला बोल लावला होता, की कसली ही आई.

"याला लाज नाही वाटत?" तिने विचारलं.

"कशाची?" टिबुकली म्हणाली. "याने हात पुढे केला, त्यानेही केला. तुम्ही कुणाकडे हात पुढे केला होता?"

राणीने शिडी न मोडता पानावर उचलली.

तिसऱ्या गोष्टीसाठी निळाईने काठी आपटली आणि हिरवणीचं पाणी एका दिवसापुरतं आटलं. ऊन पडलं. गोधडी वाळली, करपली, तिची धूळ झाली. राणी भेगाळलेल्या गाळात गुडघ्यांवर फिरली. माध्यान्ह टळली तेव्हा दवबिंदूतून तिला एक कण दिसला. तपकिरी, जाड सालीचा, सुईच्या टोकाएवढा. त्या शिडीतल्यासारखंच बीज होतं ते. धागा मेला होता. हे नुसतं थांबलं होतं.

निळाईने तिन्ही गोष्टी पाहिल्या. "बीज तिथेच पेर, जिथून बाळ निसटलं. साल मात्र पाण्याने फुटायची नाही. खऱ्याने फुटेल."

राणी तिसऱ्या पायरीवर आली. कोरडं तळं पाहायला सारं राज्य काठावर जमलं होतं. राजा होता, दाई होती, विळे घेतलेले शिपाई होते. राणीने तुकडा ठेवला, शिडी ठेवली, वर बीज ठेवलं. यावेळी पाय खरोखर घसरेल असं तिला वाटलं.

"माझा पाय घसरला नव्हता," ती म्हणाली.

"मोठ्याने!" टिबुकली ओरडली.

"माझा पाय घसरला नव्हता! पायरी स्वच्छ होती. मला झोप लागली. बाळ माझ्या हातून निसटलं. शेवाळाने त्याला झेललं, आणि मी शेवाळाचं नाव घेतलं. निळाईचा काही दोष नाही."

राणीने डोळे मिटून घेतले. आता धोंडा आला तरी चालेल.

दाईचा आवाज आला, अगदी हलका. "माझा थोरला मांडीवरून पडला होता. मी मांजराचं नाव सांगितलं होतं."

"आणि मी," परटीण म्हणाली, "पाळण्याच्या दोरीचं."

राजा पायऱ्या उतरून आला. "तीन रात्री तू जागी होतीस. मी कुठे होतो, हे मला कुणी विचारलं नाही." एवढं बोलून त्याने हात पुढे केले. राणीने क्षणभर वाट पाहिली, मग बाळ त्याच्या हातांत दिलं.

बीजाची साल तडकली. आतून एक हिरवा धागा उभा राहिला. भेगांमधून पाणी वर आलं, पहिली पायरी बुडाली, दुसरी बुडाली, आणि तिसरीला पाणी लागताच बाळराजांनी टाहो फोडला. असा कर्कश, की हत्ती दचकला. राणी पायरीवर बसली आणि पोटभर रडली.

निळाई सन्मानाने परत आली. शिपायांचे विळे गवताकडे गेले. शेवाळ पुन्हा पूर्वीइतकंच वाढलं, घागर बुडेल एवढी जागा सोडून. तान्हं मूल घेऊन तळ्यावर एकटीने बसायचं नाही, सोबत दुसरा हात हवा, अशी चाल पडली. त्या राज्यात अजूनही कुणी स्वतःची चूक दुसऱ्यावर ढकलली, की म्हणतात, "शेवाळावरून घसरलास होय?"

राणीची लाज मात्र गेली नाही. ती वाळून वाळून सुईच्या टोकाएवढी झाली आणि तळाशी राहिली. राणीने ती तिथेच राहू दिली.

हिरवण भरली, बाळ रडलं, राजाने त्याला खांद्यावर घेतलं. राणी त्या दिवशी झोपली ती थेट दुसऱ्या सकाळपर्यंत. तशीच झोप ऐकणाऱ्या सगळ्या आयांना लागो.