सरव्याची घंटा

फार पूर्वी, गहू विळ्यानेच कापला जाई आणि घराघरांत घड्याळं आलेली नव्हती, त्या काळची ही गोष्ट. इंग्लंडातल्या एका गावात टेकडीवर एक चर्च होतं आणि त्याच्या मनोऱ्यात एक मोठी घंटा होती.

गावाचा सारा दिवस त्या घंटेवर चाले. सकाळी ती वाजली की लोक कामाला लागत, संध्याकाळी वाजली की चुलीतले निखारे राखेखाली झाकत. लग्नाला ती भरभर वाजे. कुठे आग लागली तर वेड्यासारखी वाजे. गावात कोणी वारलं तर इतकी सावकाश वाजे, की रानात काम करणारे लोक टोप्या काढून उभे राहत आणि पुरुष गेला की बाई गेली, हे ठोक्यांवरून ओळखत.

वर्षातून काही दिवस मात्र ती फक्त गरीब बायकांसाठी वाजे. ते दिवस सरव्याचे.

गव्हाची कापणी झाली, पेंढ्या गाडीत भरून खळ्यावर गेल्या, की रानात गळालेल्या ओंब्या उरत. या ओंब्यांना सरवा म्हणत आणि तो वेचायचा हक्क गावातल्या गरिबांचा होता. बायका मुलांना घेऊन येत आणि वाकून वाकून ओंब्या गोळा करत. नीट सरवा मिळाला तर हिवाळाभर घरात भाकरी असे. नाही मिळाला तर मुलं उपाशी निजत.

पण रान एक आणि वेचणाऱ्या पुष्कळ. म्हणून जुन्या लोकांनी नियम घालून दिला होता. सकाळी घंटा वाजल्याशिवाय कोणी रानात पाऊल टाकायचं नाही आणि संध्याकाळी घंटा वाजली की सगळ्यांनी बाहेर पडायचं. त्यामुळे लांब राहणाऱ्या बाईला चालत यायला वेळ मिळे, तान्हं मूल असलेलीला त्याला पाजून येता येई, म्हातारीलाही हळूहळू पोचता येई. सगळ्या एकदमच आत शिरत.

त्या उन्हाळ्यात घंटा वाजवणारा म्हातारा वारला. त्याची बायको थर्झा मागे राहिली. नवा माणूस नेमायला पाद्रीला सवड नव्हती. तीन गावांना मिळून तो एकच पाद्री होता आणि या गावात फक्त रविवारी येई. तो म्हणाला, "हिवाळ्यानंतर बघू. तोवर दोर आहेच. ज्याला वाजवायची त्याने वाजवावी."

कापणी संपली. त्या वर्षी पीक बेताचंच होतं. गावातले धडधाकट पुरुष दुसऱ्या गावच्या कापणीला निघून गेले आणि सरव्याच्या आदल्या दिवशी बायका पुलापाशी जमल्या. प्रश्न एकच होता, घंटा कोण वाजवणार?

कोणी पुढे होईना. त्यालाही कारण होतं. चर्च टेकडीवर आणि रान खाली, ओढ्यापलीकडे. घंटा वाजवून खाली उतरेपर्यंत बाकीच्यांनी फाटकाजवळची जागा साफ केलेली असणार. गाड्या तिथे वळत, त्यामुळे सगळ्यात जास्त ओंब्या तिथेच सांडत. संध्याकाळीही घंटेसाठी सगळ्यांच्या आधी रानातून निघावं लागणार. म्हणजे वाजवणारीचं दोन्हीकडून नुकसान.

त्या बायकांमध्ये हेस्टर नावाची एक होती. तिच्याइतक्या चपळ हाताची बाई गावात दुसरी नव्हती. दंडात पुरुषासारखा जोर होता. तिचा नवरा जहाजावर गेला होता, त्याचा काही निरोप नव्हता आणि घरात तीन मुलं होती.

हेस्टर म्हणाली, "घंटा हवीच कशाला? उजाडलं की सुरू करायचं. सूर्य काय सगळ्यांनाच दिसतो."

सगळ्यांना हायसं वाटलं.

थर्झा काठीवर हात ठेवून बसली होती. तिने विचारलं, "उजाडलं म्हणजे केव्हा?"

बायका हसल्या. म्हातारीला आता एवढंही कळेनासं झालं, असं त्यांना वाटलं.

पहिल्या दिवशी सगळ्या सूर्य वर आल्यावर आल्या. दुसऱ्या दिवशी हेस्टर जरा लवकर आली. पूर्वेला तांबडं फुटलं होतं आणि तेही उजाडणंच होतं. त्याच्या पुढच्या दिवशी बाकीच्या तांबडं फुटायच्या आत आल्या, कारण ओंबी आणि दगड यांतला फरक दिसण्याइतका उजेड होता. रोज उजाडणं थोडं थोडं अलीकडे सरकत गेलं. हेस्टरच्या माळ्यावर गव्हाचा ढीग वाढत होता. थर्झा पोचे तोवर रानात तिच्यासाठी नुसते खुंट उरलेले असत.

मग एक दिवस दाट धुकं पडलं. दोन हातांपलीकडचं दिसत नव्हतं, तरी बायका रानात होत्याच. हेस्टर वाकून, दोन्ही हातांनी चाचपत भराभर पुढे चालली होती. अचानक तिच्या टाचेखाली काहीतरी मऊ लागलं आणि लगेच मूल रडलं.

तिने पाय झटकन उचलला. खाली शालीत गुंडाळलेलं तान्हं बाळ होतं. तिची टाच शालीच्या टोकावर पडली होती. बाळाचं डोकं तिथून वीतभरही लांब नव्हतं.

धुक्यातून केझिया धावत आली. बाळ तिचं होतं. ती गावाच्या पार टोकाला राहणारी तरुण बाई होती. तिने बाळ उचलून छातीशी धरलं.

हेस्टर ओरडली, "इथे असं वाटेत ठेवतात का पोराला?"

"मग कुठे ठेवू?" केझिया म्हणाली. "काल त्याला पाजून, निजवून आले, तर रानात काही शिल्लक नव्हतं. परवाही नव्हतं. आज निजल्या जागचा उचलून आणलाय."

 हेस्टर पुन्हा वाकली, पण हात पहिल्यासारखे चालेनात.

धुकं विरलं तेव्हा शेताचा मालक फाटकाशी उभा होता. शेजारच्या रानातल्या पेंढ्या अजून उचलायच्या होत्या. अंधारात वाट चुकून म्हणा किंवा मुद्दाम म्हणा, कोणीतरी कुंपण मोडून तिकडे शिरलं होतं. पेंढ्या उपसलेल्या होत्या आणि ओंब्या ओरबाडलेल्या होत्या.

मालक तसा वाईट माणूस नव्हता. आवाज न चढवता तो म्हणाला, "बायांनो, माझ्या आजोबांच्या वेळेपासून तुम्ही इथे सरवा वेचता. घंटा वाजली की आत आणि घंटा वाजली की बाहेर. मला कधी राखण ठेवावी लागली नाही. आता हे काय चाललंय?"

"चूक झाली, मालक," कोणीतरी म्हणालं.

"उद्या सकाळी घंटा ऐकू आली तर या. नाही ऐकू आली, तर मी डुकरं सोडतो रानात. ओंब्या खाऊन तीही पोसतील."

एवढं बोलून तो गेला.

दुपारी बायका पुन्हा पुलापाशी जमल्या. या वेळी कोणी हसत नव्हतं. एकीची कंबर धरली होती. एकीच्या घरी सासू अंथरुणाला खिळली होती. केझियाजवळ तान्हं मूल होतं. मुलांपैकी कोणाला पाठवावं, तर घंटा जड. दोर वेळेवर सोडता आला नाही तर लहान माणसाला तो वर खेचून नेई. सगळ्यांची कारणं खरी होती.

थर्झा म्हणाली, "मी वाजवली असती. पण माझ्याने तो दोर हलत नाही. काल जाऊन बघितलं."

 दोर ओढण्याजोगे दंड कोणाचे आहेत, हे सगळ्यांना माहीत होतं. पण तिच्याकडे बघायला कोणी धजत नव्हतं. सगळ्या ओढ्याच्या पाण्याकडे बघत होत्या.

हेस्टर मनात हिशेब करत होती. माळ्यावर जमलेला गहू हिवाळ्याच्या निम्म्यापर्यंत पुरला असता. पुढचं पुरं करायचं, तर येते दिवस तिला सगळ्यांत आधी रानात असायला हवं होतं. तिला सगळ्यांचा रागही आला. थर्झाचा, त्या बाळाचा आणि पाद्रीचाही. पण टाचेखालची ती मऊ शाल मनातून जाईना.

शेवटी ती तुटकपणे म्हणाली, "मी वाजवते."

"अगं, पण तुझ्या घराचं काय?" केझियाने विचारलं.

"माझं मी बघीन."

ती थर्झाला हाताला धरून टेकडीवर घेऊन गेली. मनोऱ्याच्या पहिल्या मजल्यावर, जिथे दोर लोंबत होता, तिथे जिन्याने म्हातारीला जवळजवळ उचलूनच न्यावं लागलं. थर्झाने तिला दोर धरायचा कसा ते दाखवलं.

"खाली ओढ. आता तो वर जाईल, त्याला जाऊ दे. हात सैल कर. अगं, त्याच्याशी भांडू नकोस. तू अडवलंस तर तुझेच तळवे सोलतील."

हेस्टरने उगीच दोन झोके देऊन बघितले. तिला जमलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती एकटीच मनोऱ्यात आली. तिथे एक अरुंद खिडकी होती. तिच्यातून ओढा, पूल आणि पलीकडचं रान सगळं दिसत होतं. कुंपणाच्या फाटकाशी, जिथून रानात शिरायचं, तिथे बऱ्याच बायका येऊन थांबल्या होत्या. तिने दोर हातात घेतला. ओढायचा, दोर बांधायचा आणि खाली धावत सुटायचं, एवढंच तिने ठरवलं होतं. जितकं लवकर वाजवू तितकं लवकर पोचू.

तेवढ्यात तिला गावाच्या टोकाकडून कोणीतरी येताना दिसलं. ती केझिया होती. कडेवर बाळ होतं, काखोटीला रिकामी गोणी होती आणि मध्ये मध्ये ती थांबून बाळाला दुसऱ्या कडेवर घेत होती. तिच्याही मागे थर्झा होती. चार पावलं टाकून ती काठीवर टेकून उभी राही, मग पुन्हा चालू लागे.

हेस्टर इतकी वर्षं सरव्याला जात होती, पण यांना येताना तिने कधी पाहिलंच नव्हतं. ती नेहमी सगळ्यांच्या पुढे असे आणि मागून येणाऱ्यांकडे तिची पाठ असे.

खालून एकीने हात हलवून खूण केली, "वाजव की!" ऊन चढायला लागलं होतं. हेस्टरने दोर घट्ट धरून ठेवला, पण ओढला नाही. केझियाने पूल ओलांडला. थर्झा पुलावर आली, कठड्याला धरून क्षणभर दम खात उभी राहिली आणि मग पलीकडे पोचली.

तेव्हा हेस्टरने दोर खाली ओढला.

घंटेचा आवाज टेकडीवरून उतरून रानभर पसरला. ठोके पुरे झाल्यावर तिने दोर खुंटीला बांधला, जिना उतरली आणि घागरा हातात धरून धावत सुटली. फाटकाजवळचं आता काही मिळणार नाही, हे तिला ठाऊक होतं. कोपऱ्यातलं काही राहिलं असेल तर बघू, असं म्हणत ती पूल ओलांडून कुंपणाशी आली आणि थबकली.

सगळ्या बायका बाहेरच उभ्या होत्या. रानात एकही पाऊल पडलं नव्हतं.

तिला वाटलं, वारा उलटा असेल. धापा टाकत तिने विचारलं, "ऐकू आली नाही का घंटा?"

"आली की," थर्झा म्हणाली.

"मग?"

"वाजवणारी यायची होती."

मागून एक बाई कुरकुरली, "आली ना आता? मग चला, ऊन डोक्यावर यायला लागलं." आणि सगळ्या एकदमच आत शिरल्या.

त्या दिवसापासून तसंच चालत राहिलं. हेस्टर घंटा वाजवून टेकडी उतरे, तोवर कोणी कुंपण ओलांडत नसे. संध्याकाळी ती घंटेसाठी निघाली की बाकीच्याही कंबर सरळ करून गोण्या उचलत. त्यामुळे संध्याकाळची घंटा वाजे तेव्हा रानात बहुधा कोणी नसेच.

त्या वर्षी हेस्टरला मागच्या वर्षीपेक्षा कमीच सरवा मिळाला. हिवाळा सरता सरता तिच्या घरी भाकरीत बटाटा मिसळावा लागला. पण तसा तो सगळ्यांच्याच घरी मिसळावा लागला. त्या हिवाळ्यात गावात कोणाचंही मूल उपाशी निजलं नाही. केझियाचं बाळ वसंतात चालायला लागलं.

पुढे पाद्रीने घंटेसाठी नवा माणूस नेमला. लग्नाला, मरणाला आणि रविवारी तो वाजवी. सरव्याच्या दिवसांत मात्र दोर बायकांच्या हाती असे. दर वर्षी त्या पुलापाशी जमून वाजवणारी निवडत, आणि निवड दर वेळी त्यांच्यातल्या सगळ्यात चपळ, सगळ्यात दणकट बाईचीच होई.

या गोष्टीचं तात्पर्य इतकंच: ज्याला सगळ्यांच्या आधी पोचता येतं, त्याने मागच्यांसाठी थांबावं. तो थांबला, की त्याच्यासाठी थांबायलाही माणसं शिकतात.