थांबलेला झोका

फार जुनी गोष्ट आहे. इतकी जुनी, की तेव्हा वेळ पाण्याने मोजत. घंगाळात पाणी भरायचं आणि त्यावर तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी सोडायची. वाटी भरून बुडाली, की एक घटका झाली.

त्या काळी एका राज्यात एक काळसाधक राहत होता. गुरूची सेवा करून त्याने एक अजब विद्या मिळवली होती. मंत्र म्हणत तो वाटीचं छिद्र मेणाने बुजवी. वाटी तरंगत राही आणि सगळं जग जागच्या जागी थांबे. उडता पक्षी आभाळात, गळतं पान हवेत, बोलणाऱ्याचा शब्द ओठांवर. हिंडता-फिरता तेवढा तो एकटा. मेण काढलं, की जग पुन्हा चालू.

विद्या देताना गुरूने बजावलं होतं, "बाळा, जग थांबेल, पण तुझं वय थांबायचं नाही. आणि गेलेला वेळ मागे आणणारा मंत्र माझ्यापाशी नाही."

काळसाधकाने मान डोलावली. पण कसलं काय! अर्धवट काम दिसलं, की त्याला चैन पडत नसे. घास तोंडात आणि डोळे मोडक्या कुंपणावर. मग लाव मेण, कर काम, काढ मेण. बायको भाजी वाढायला वाकून सरळ होते, तोवर कुंपण नीट झालेलं असे. लोक तोंडात बोटं घालत. तो सुखावे, पण बसत मात्र नसे. अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील.

त्याला मैना नावाची लहान मुलगी होती. तिचं मागणं एकच, बाबांनी आपल्याशी खेळावं. तो म्हणे, "आलोच!" आणि खरोखरच पापणी लवायच्या आत परत येई. पण येई तो दमूनभागून, आणि तिच्या शेजारी बसल्या बसल्या घोरू लागे.

एकदा नागपंचमी आली. अंगणातल्या चिंचेला मैनेसाठी झोका बांधला. नागपंचमीला जमीन खणायची नाही, कोयता-कुऱ्हाड धरायची नाही, ही आपल्यासारखीच रीत तिथेही होती. तळ्यावर घाट बांधत होते, तेही काम त्या दिवशी बंद. सकाळी राजा भेटला तेव्हा सहज म्हणाला होता, "घाट अर्धाच झाला. असू दे, पाऊस सरल्यावर बघू. आज तुम्हीही घरी बसा, गोडधोड खा." राजा ते विसरूनही गेला. काळसाधकाच्या मनात मात्र तो अर्धा घाट कुसळासारखा रुतून बसला.

"बाबा, झोका द्या ना! उंच!" मैना म्हणाली.

त्याने एक झोका दिला. झोका वर गेला आणि पलीकडे तळं दिसलं. त्याचे हात शिवशिवू लागले.

"आलोच हं, मैने!" असं म्हणून तो घरात धावला. छिद्राला मेण लागलं. झोका वरच्या वर थांबला. 'काळच थांबला, तर नागपंचमी कुठली?' असं मनाशी म्हणत त्याने कुदळ उचलली.

आता मला सांगा, तळ्याची लाटसुद्धा थांबलेली असताना याच्या मागे कोण लागलं होतं? कोणी नाही. तरी हा धावत होता. एकटाच खणत होता, एकटाच दगड घडवत होता. पायऱ्या झाल्या, तर वाटलं, कठडाही उरकून टाकू. कठडा झाला, तर वाटलं, दीपमाळेवाचून शोभा नाही. सूर्य हलत नव्हता, त्यामुळे किती वर्षं गेली हे कळायला मार्ग नव्हता. मधूनच येऊन तो अधांतरी झोक्यावरच्या मैनेकडे पाही. ती हसतच असे. "एवढं झालं, की आलोच," तो म्हणे आणि पुन्हा तळ्याकडे जाई.

शेवटी घाट पुरा झाला. काळसाधक घरी आला, मेण काढलं आणि घाईघाईने झोक्यामागे जाऊन उभा राहिला. झोका खाली आला. मैनेने हसत मागे वळून पाहिलं आणि ती किंचाळली.

"आई! हे आजोबा कोण? बाबा कुठे गेले?"

बायको पुरणाच्या दिंडांचं ताट घेऊन बाहेर आली. झोक्यामागे एक म्हातारा उभा. पांढरे केस, वाकलेली पाठ. कपाळावरचा जुना व्रण तेवढा तिच्या ओळखीचा होता. ताट तिच्या हातून पडलं.

"अहो, हे काय करून घेतलंत? कोणी सांगितलं होतं तुम्हाला?"

खरंच, कोणीही सांगितलं नव्हतं.

तो घंगाळाकडे धावला. वाटीत शिरलेलं पाणी ओंजळीने उपसू लागला. वाटी रिकामी झाली, पण केस काळे झाले नाहीत. तिथेच बसून तो लहान मुलासारखा रडला.

मग डोळे पुसून तो चिंचेखाली आला. "मैने, मीच गं तुझा बाबा."

"माझे बाबा म्हातारे नाहीत," ती म्हणाली.

त्याने झोका द्यायला हात लावला. हातांत जोरच उरला नव्हता. झोका वीतभर हलला आणि थांबला. मैनेला त्या म्हाताऱ्याची दया आली.

"राहू द्या आजोबा, दमाल तुम्ही," ती म्हणाली. "बाबा येतीलच आत्ता. 'आलोच' म्हणून गेलेत ते."

काळसाधक तिच्या शेजारी बसला. घरात वाटी भरून बुडाली. जन्मात पहिल्यांदाच त्याला कुठे जायचं नव्हतं. मैना वाटेकडे डोळे लावून बसली होती, आणि ती ज्याची वाट पाहत होती, तो तिच्या शेजारीच गुपचूप बसून होता.

तात्पर्य: कामं सरत नाहीत, माणूस सरतो, म्हणून ज्याला 'आलोच' म्हटलं, त्याच्याकडे आधी जावं.