वस्तादांचा तोल

एकदा एक वस्ताद आपला तोल हरवून बसले. चाळीस वर्षे मल्लखांबाच्या माथ्यावर एका पायाने उभा राहिलेला हा माणूस! एके सकाळी अंथरुणातच उजव्या कुशीला वळला, तो सारी खोली गरगरू लागली. क्षणभराने थांबली, पण आडवे झाले की पुन्हा तेच, मान वर केली की पुन्हा तेच.

निदान करायला गाव कधी कोणाची वाट पाहत नाही. कोणी म्हणाले पित्त, कोणी म्हणाले वय, कोणी अंगठा तोंडाशी नेऊन हळूच हसले. वस्तादांच्या मनाने मात्र भलतेच घेतले. आदल्या शनिवारी घाईघाईत ते खांबाला नमस्कार न करताच चढले होते. "मारुतीराया रुसला," ते पत्नीला म्हणाले, "आता तालीम बंद करतो."

गावात कानाचे एक वृद्ध डॉक्टर होते. त्यांच्या तरुण शिष्येने वस्तादांना प्रथम तपासले. तिच्या वडिलांच्याच वयाचे ते. तिला फार वाईट वाटले. तिने भोवळ दाबणाऱ्या गोळ्या दिल्या, उजव्या कुशीला वळू नका म्हणून बजावले. पत्नीने त्यावर कडी केली. मान हलू नये म्हणून दोन्ही बाजूंना लोड लावून तिने पतीला तीन आठवडे आरामखुर्चीत बसवून झोपवले. तरीही वस्ताद पत्नीसोबत परत आले ते भिंत धरधरूनच.

"सर, गोळी वाढवू का?" शिष्येने विचारले.

गुरूंनी आपली खुर्ची वस्तादांजवळ ओढली. त्यांनी वस्तादांना विचारले, ऐकू नीट येते का? एकाचे दोन दिसतात का? जीभ अडखळते का? मान दुखते का? हातापायांची ताकद पाहिली. मग त्यांना टेबलावर बसवले, डोके उजवीकडे वळवले आणि "डोळे मिटायचे नाहीत" असे म्हणून झटकन मागे आडवे केले. डोके टेबलाच्या कडेबाहेर लोंबत राहिले.

"पडलो! पडलो!" वस्ताद ओरडले. पत्नी धावली. शिष्येच्या डोळ्यांत पाणी आले. "सर, उठवूया त्यांना!"

"थांब. त्यांच्या डोळ्यांकडे बघ."

बुबुळे झटके देत फिरत होती. मग मंदावली, स्थिरावली. गुरूंनी ते डोके दोन्ही तळव्यांत धरूनच सावकाश डावीकडे वळवले, थांबले. मग वस्तादांना डाव्या कुशीवर घेऊन तोंड जमिनीकडे केले, पुन्हा थांबले. आणि शेवटी उठवून आपल्या छातीशी टेकवून बसवले. सारा वेळ ते पुटपुटत होते, "मी धरलंय. मी धरलंय."

वस्तादांचा श्वास शांत झाल्यावर गुरू शिष्येकडे वळले. "कानाच्या आत खडूच्या चुऱ्यासारखे कण असतात. ते जागा सोडून शेजारच्या वळणदार नळीत शिरतात. मान वळली की घरंगळतात, आणि मेंदूला वाटतं, माणूसच फिरतोय. गोळीनं ते बाहेर येत नाहीत. डोकं एकेका बाजूला वळवत, त्यांना नळीतून परत जागेवर न्यावं लागतं."

"पण सर, त्यांना त्रास होऊ नये म्हणून मी..."

"ठाऊक आहे, पोरी. काकूंनी लोड लावले, तू गोळ्या दिल्यास. दोघींनी मायाच केली. पण त्यांची भोवळ तुम्हांला बघवेना, म्हणून ती नीट बघायचीच राहून गेली. भोवळ येऊ द्यावी लागते. ती येत असताना डोकं मात्र हातातून सोडायचं नाही. माया तिथं लागते."



"म्हणजे मारुतीराया रुसला नाही?" वस्तादांनी चाचरत विचारले.

"छे हो! नमस्कार जरूर करा. पण हे कण पुन्हा निसटले, तर थेट इकडे या. आणि मी सांगेपर्यंत खांबावर चढायचं नाही." थोड्या वेळाने गुरू बाजूला झाले. "आता पुन्हा तपासायचं. पोरी, तू कर."

तिने वस्तादांचे डोके हातांत घेतले. तिची बोटे थरथरत होती. शेकडो पोरांना पहिल्यांदा उलटे लटकायला शिकवलेल्या त्या माणसाला हा थरकाप चांगलाच ओळखीचा होता.

"बाई, निर्धास्त टाका मागं," ते म्हणाले. "मी डोळे उघडे ठेवतो."

तिने त्यांना आडवे केले आणि एकटक पाहत राहिली. बुबुळे हलली नाहीत. मिनिट सरले, तरी हलली नाहीत.

"छत जागेवर आहे," वस्ताद हलकेच म्हणाले. मग पत्नीला ऐकू जावे म्हणून मोठ्याने, "अगं, छत जागेवर आहे!"

पत्नीने पदरात तोंड लपवले. तपासणी संपली होती, आता त्यांना उठवायला हरकत नव्हती. पण शिष्येने ते डोके आणखी थोडा वेळ तसेच हातांत धरून ठेवले.