काळ्या खडकावरचा पुढारी

बाळांनो, एक सांगा पाहू. भरवसा कोणावर ठेवावा, वाट दाखवतो म्हणणाऱ्यावर की स्वतःच्या डोळ्यांवर? घाईनं उत्तर देऊ नका. आधी ऐका.

आयर्लंड नावाचा एक हिरवागार, सदा ओलसर देश आहे. त्याच्या पश्चिम टोकाला, समुद्रकाठच्या माळावर एक कोल्हा राहत असे. शिकारीत तो यथातथाच, पण जीभ अशी की दगडालाही पाझर फुटावा. कोणाकडे मयत झालं की हा सर्वांच्या आधी हजर. डोळे पुसत म्हणायचा, "काय माउली होती हो तुमची! तिचा आवाज अजून कानांत आहे." त्या माउलीला त्यानं जन्मात पाहिलेलं नसायचं!

माळासमोर एक लहानसं बेट होतं आणि त्यावर गुडघाभर गवत. ओहोटी लागली की मधली वाळू उघडी पडे आणि मेंढ्या चालत पलीकडे जात. वाटेच्या तोंडाशी एक काळा खडक होता. चरताना एकीनं मान वर करून त्या खडकावर नजर ठेवायची आणि त्याला फेस लागला की साऱ्यांनी माघारी फिरायचं, अशी आज्यापणज्यांची रीत होती. कोल्ह्यानं ती बरोबर हेरली. एके दिवशी ओहोटी लागताच तो खडकावर चढला, शेपटी खाली सोडून ऐटीत बसला आणि म्हणाला, "मी समुद्राशी बोललोय! वाट मोकळी करून घेतलीय. आता खडकाकडे बघायची गरज नाही, माना खाली घालून खुशाल चरा. वेळ झाली की मी हाक देईन." वाट तर खरोखरच मोकळी होती. "गडी कामाचा दिसतो!" कळपातला एक मेंढा खूश होऊन म्हणाला.

तिथून कोल्ह्याचं नशीब फळफळलं. दर निवडणुकीला सगळ्यांनी खूर वर करून त्यालाच राजधानीच्या सभेत धाडलं. आपल्या अंगावरची लोकर नेऊन त्याचं बीळ ऊबदार केलं. एक म्हातारी गाढवीण तेवढी कुरकुरली, "अगं बायांनो, याचा आजा जन्मायच्या आधीपासून ओहोटी येतेय!" तर मेंढ्याच तिच्या अंगावर धावल्या, "तू गप! तू काय केलंस आमच्यासाठी?"

त्या कळपात एक तरुण मेंढी होती. तिचं दूध आटलं होतं आणि कोकरू काडीसारखं झालं होतं. बेटावरचा ओला चारा मिळाला नाही तर ते जगणार नव्हतं. तिनं कोल्ह्याला विचारलं, "साहेब, लेकराला आज घेऊन जाऊ ना? ते हळू चालतं हो."

"जा की ताई! मी आहे ना? समुद्राला सांगून ठेवलंय."

मेंढ्या बेटावर पोचल्या, आणि इकडे बातमी आली की टेकडीपलीकडचा म्हातारा बैल गेला. बैलांचं खटलं मोठं, निवडणुकीला वर होणारे खूरही पुष्कळ! कोल्हा खडकावरून उतरला आणि डोळे ओले करत तिकडे पळाला.

मेंढी हाकेची वाट बघत चरत राहिली. हाक आलीच नाही. पायाला गार पाणी लागलं तेव्हा तिनं मान वर केली. खडक रिकामा होता आणि अर्धा पाण्यात बुडाला होता. मोठ्या मेंढ्या पोहत कशाबशा काठाला लागल्या. कोकरू मात्र लाटेनं तिच्या पुढ्यातून उचलून नेलं.

दुसऱ्या दिवशी ओहोटीनं ते वाळूवर परत आणून ठेवलं. सारा माळ जमला आणि सर्वांच्या पुढे कोल्हा! मेंढीचा खूर हातात घेऊन तो म्हणाला, "काय गोड लेकरू होतं, ताई! मी समुद्राला परोपरीनं विनवलं, पण तो कृतघ्न निघाला."

मेंढीनं खूर ओढून घेतला. "माझ्या लेकराच्या मयताला तू रडायचं नाहीस! समुद्र तुझं ऐकतो ना? मग बस त्या खडकावर. भरती येतेय. थांबव तिला, आम्ही सगळे बघतो."

"ताई, ही वेळ नव्हे…"

"बस म्हणते ना!"

साऱ्या कळपानं शिंगं रोखली. कोल्हा मुकाट्यानं बसला. पाणी चढत आलं, शेपटीला लागलं, आणि कोल्हा टुणकन उडी मारून ओरडला, "परत फिरा!" तीच रोजची हाक, तोच सूर.

"मेल्या, शेपटी भिजली की ओरडत होतास होय!" गाढवीण म्हणाली. पण हसलं कोणीच नाही. शिंगं पुढे सरकली तसा कोल्ह्यानं पळ काढला. पुढच्या माळावर पोचल्या पोचल्या त्यानं डोळे पुसले आणि विचारलं, "इथं कोणाकडे मयत झालंय हो?"

इकडे त्या दिवसापासून बेटावर एक मान कायम वर असते. ती त्या मेंढीची.

तात्पर्य : समुद्राची कमाई जो आपल्या नावावर खपवतो, त्याच्या हाती आपली राखण देऊ नये. म्हणून बाळांनो, एवढं माझं ऐका, हिशेब चोख ठेवा. समुद्राचं ते समुद्राच्या नावे मांडा आणि कोल्ह्याचं ते कोल्ह्याच्या.